आजीचा अंगठा, आजोबांची पोच

आमच्या देवगडकडच्या घराच्या दारावर एक चिरा बसवलाय, त्यावर आजोबांचं नाव आणि खाली १९६९ असं कोरलंय. लहानपणी दर मे महिन्यात गावी गेलो की मी त्या अक्षरांवरून बोट फिरवायचे, आणि घरात कोणीही पाहुणा आला की काका त्याला पहिल्यांदा तो चिराच दाखवायचे. "बाबांनी गिरणीत राबून एकेक पैसा पाठवून हे घर उभं केलं." आम्ही सगळी पोरं हेच ऐकत वाढलो. आजी तेव्हा आत चुलीपाशी असायची, नाहीतर मागच्या पडवीत कोकमाची सोलां वाळत घालत असायची. पाहुण्यांपुढे ती फारशी यायचीच नाही.

मला आजी आठवते ती पांढऱ्या केसांची, वाकलेली, न्हाणीतलं पाणी जास्त वापरलं की ओरडणारी. श्रावणात पोथी वाचायची, शब्दाखाली बोट सरकवत, ओठ हलवत. २००९ साली गेली तेव्हा मी पंचवीस वर्षांची होते आणि तिच्याबद्दल मला इतकंच माहीत होतं. खरंच इतकंच.

हे सगळं आता लिहायचं कारण म्हणजे गेल्या वर्षी दोन गोष्टी एकदम झाल्या. काका गेले, त्यामुळे वारस नोंदीसाठी वंशावळ करायची होती नि जुने कागद शोधायचे होते. आणि लालबागची चाळ रिडेव्हलपमेंटला गेली म्हणून तिथली खोली रिकामी करायला लागली. ती खोली आमच्या एकट्यांची नव्हतीच कधी, गावच्या मंडळाची होती. एका वेळी वीस-वीस माणसं त्या खोलीत राहायची, म्हणजे राहायची काय, पाळीप्रमाणे झोपायची, पहिल्या पाळीवाला उठून गेला की रात्रपाळीवाल्यानं त्याच जागेवर अंग टाकायचं. जेवण खानावळीत. प्रत्येकाची म्हणून स्वतःची जागा काय, तर भिंतीला लावलेली एक ट्रंक. आजोबांची ट्रंक तिथे माळ्यावर अजून होती! आजोबा १९९६ ला गेले, गिरणी त्याच्या कितीतरी आधी सुटली, आणि ट्रंक इतकी वर्षं तशीच.

माझा भाऊ ती ट्रंक गाडीत घालून गावी घेऊन आला. वर दोन शर्ट, एक पितळी तांब्या, गिरणीचा बिल्ला, आणि तळाला सुतळीनं बांधलेले कागदांचे गठ्ठे. मनीऑर्डरच्या पोच.

आताच्या मुलांना मनीऑर्डर माहीतच नसणार, पोस्टानं ती जुनी कागदी मनीऑर्डर २०१५ मध्ये बंदच केली, म्हणून सांगते. मनीऑर्डरच्या फॉर्मचे भाग असायचे. खालचा एक तुकडा म्हणजे कुपन, त्यावर पैसे पाठवणाऱ्यानं चार ओळी लिहायच्या, तो तुकडा पैसे घेणाऱ्याकडे राहायचा. आणि दुसरा भाग म्हणजे पोच, त्यावर पैसे घेणाऱ्याची सही किंवा अंगठा घेऊन तो भाग परत पाठवणाऱ्याकडे जायचा, म्हणजे त्याला कळणार पैसे मिळाले. अख्खा रत्नागिरी जिल्हा (आमचं देवगड तेव्हा रत्नागिरीतच, सिंधुदुर्ग वेगळा झाला १ मे १९८१ ला) या कागदावर जगला असं म्हटलं तरी चालेल. घरटी एक तरी माणूस मुंबईला, आणि महिन्याच्या दहा-बारा तारखेला वाडीतल्या सगळ्या बायकांचे डोळे पाणंदीकडे.

ट्रंकेतल्या पोच बघितल्यावर आईला आठवलं की आजीच्या कपाटात एक डालड्याचा डबा होता. तो काढला. त्यात कुपनं! म्हणजे एकाच मनीऑर्डरचे दोन तुकडे, एक मुंबईला ट्रंकेत, एक गावाला डब्यात, आणि साठ-साठ वर्षांनी दोन्ही आमच्या ओटीवर चटईवर शेजारी शेजारी. डब्यात २११ कुपनं निघाली, ट्रंकेत १८७ पोच. सगळ्या महिन्यांच्या नाहीत, काही वाळवीनं खाल्ल्या, पण १९५३ पासून आहेत.

माझी सोळा वर्षांची भाची, भावाची मुलगी, हिला पहिल्या दिवशी ट्रंकेत काडीचा रस नव्हता, रेंज मिळत नाही म्हणून कंटाळलेली. पण जोड्या लावायच्या म्हटल्यावर ती बसली. पोस्टाच्या शिक्क्यावरची तारीख बघायची, रक्कम बघायची, जुळलं की टाचणी. शिक्का पुसट असला की पत्ता बघायचा, पिन कोड आहे म्हणजे १९७२ च्या नंतरचं. हे तिनंच शोधून काढलं, मोबाईलवर बघून.

कुपनं वाचायला सुरुवात केली आणि खरं सांगू, मला वाईट वाटलं. "३० रु. पाठवले आहेत. सर्व खुशाल. नळे परतून घेणे." "३० रु. पाठवले. सर्व खुशाल. ३२ ग चा हप्ता भरणे, पावती जपून ठेवणे." "४५ रु. पैकी १५ आगोटीचे. सर्व खुशाल." बस. (नळे म्हणजे छपरावरची गावठी कौलं, ३२ ग म्हणजे कुळकायद्यातलं जमिनीच्या किमतीचं कलम, आगोट म्हणजे पावसाळ्याआधीची बेगमी.) चौदा वर्षं असंच. लग्न १९५२ ला झालं, म्हणजे नवी नवरी घरात, आणि नवरा लिहितोय नळे परत. एकदाही 'तू कशी आहेस' नाही. भाचीनं तर सरळ विचारलं, "आत्या, पणजोबांना पणजी आवडायची तरी का?"

मी काय सांगणार. मी थोरल्या आत्येला फोन लावला. ती कणकवलीला असते, माझ्या बाबांपेक्षा तीन वर्षांनी मोठी, गुडघे गेलेत पण डोकं एकदम शाबूत. ती माझ्यावर चिडलीच.

"अगो, पोस्टमन खळ्यात उभो रवान मोठ्यान वाची. सगळी वाडी ऐका. नवऱ्यान बायलेक काय लिवचां तां खळ्यात वाचूचा आसता काय?"

मी फोन धरून गप्पच बसले. खळ्यात, म्हणजे घरापुढच्या अंगणात, सगळ्या वाडीसमोर. इतकी साधी गोष्ट. आजीला वाचता येत नव्हतं! पोथी वाचणारी आजी डोळ्यासमोर असल्यामुळे हे माझ्या मनात कधी आलंच नव्हतं, मी धरूनच चालले होते की शिकली असणार शाळेत चार यत्ता. आणि त्या पोचवर तर समोरच दिसत होतं की, त्या वर्षांच्या प्रत्येक पोचवर निळा-जांभळा अंगठा. मी ते नुसते डाग म्हणून बघत होते.

मग आत्येनं पुढचं सांगितलं. १९६७ च्या पावसाळ्यात आजोबा आजारी पडले होते, काम बुडलं, उसने पैसे काढले, आणि ते त्यांनी कुपनावर लिहिलं कारण लिहिणं भाग होतं. पोस्टमननं नेहमीसारखं वाचलं. त्याचा काय दोष, तो बिचारा सगळ्यांचीच वाचून द्यायचा, लोक त्याला थांबवून वाचून घ्यायचे. पण संध्याकाळपर्यंत वाडीत झालं की यांच्या घरात कर्ज झालंय, आणि दुकानावर उधारी मिळेना. आजी त्या दिवशी काही बोलली नाही. रात्री जेवणं झाल्यावर आत्येला म्हणाली, तुझी पाटी आण.

आत्या तेव्हा अकरा वर्षांची. चुलीच्या उजेडात तिनं आईला अक्षरं गिरवायला शिकवली. गणपतीपर्यंत, म्हणजे दोन-अडीच महिन्यांत, आजी अडखळत वाचायला लागली. दिवसा लावणी, बेणणी, गुरं, तीन मुलं, सासू अंथरुणावर, आणि रात्री पाटी. आजोबा गणपतीला आले तेव्हाही तिनं सांगितलं नाही. आत्येला पण बजावलेलं, "बापाशीक सांगा नको."

मी फोन ठेवला आणि आम्ही १९६७ चा गठ्ठा उपसला. सप्टेंबरची पोच, अंगठा. ऑक्टोबरची पोच… भाचीनं ती उचलली आणि ओरडलीच, "सही आहे!" वाकडी, रेघेच्या खाली उतरलेली, शेवटचं अक्षर जागा पुरली नाही म्हणून वर चढवलेलं. पण सही. मग आम्ही डब्यात नोव्हेंबरचं कुपन शोधलं, हात थरथरत होते माझे अक्षरशः. सापडलं.

"३५ रु. पाठवले आहेत. सर्व खुशाल. सही पाहिली. अक्षर चांगले आहे."

त्यानंतरची कुपनं वेगळीच आहेत. जागा तेवढीच, दोन बोटांची, पण अक्षर बारीक झालंय, कडेला उभं लिहिलंय. "बांगडे आले की तुझ्या हातच्या तिखल्याची आठवण होते, इथे तिरफळ घालत नाहीत." "रात्रपाळीने झोप होत नाही." "काल पाऊस लागला, तिकडे तरवा झाला असेल." आणि एक, ज्यावर तारीख वाचता येत नाही, त्यावर फक्त पैशाचा आकडा आणि "लवकर येतो."

आत्या म्हणते, नंतर वाडीतल्या दोन-तीन बायका आपली कुपनं घेऊन आजीकडे यायला लागल्या. आजी ती खळ्यात कधी वाचायची नाही. आत न्यायची, चुलीपाशी बसवायची, हळू आवाजात वाचायची आणि कागद हातात परत द्यायची. पोस्टमन चहा पिऊन पुढे जायचा.

आणि मी या बाईला न्हाणीतल्या पाण्यावरून ओरडणारी म्हणून ओळखत होते. आपण म्हातारी माणसं बघतो ती त्यांच्या शेवटच्या दहा-पंधरा वर्षांतली, आणि समजतो की ती कायम अशीच होती. मी तिच्या शेजारी झोपलेय, तिनं माझ्या केसाला तेल लावलंय, आणि एकदाही मी तिला विचारलं नाही की आजी, तू शिकलीस कशी. उत्तर द्यायला ती २००९ पर्यंत होती.

घराचं पण तसंच. १९६८-६९ ची कुपनं लावून बघितली तर आजोबा विचारतायत, चिरे किती आले, गवंडी काय म्हणतो, मंगलोरी कौलं आणायची की नळेच घालायचे ते तू ठरव, मला इथून कळत नाही. 'तू ठरव' हे दोन शब्द चार वेळा आलेत. आजोबा त्या घरासाठी गावात होते आठ दिवस, वास्तुशांतीला. पैसे त्यांचेच, ते राबले नसते तर चिरा रचला गेला नसता, त्यात मला काही कमी करायचं नाही. पण खाणीवरनं चिरे मोजून घेणारी, गवंड्याशी भांडणारी, पावसाच्या आत कौलं चढवणारी ती होती. दारावर नाव एकाचंच आलं.

जमिनीचं तर अजून पुढे. जमीन आधी खोताची, आम्ही कुळ. खोती गेली १९४९ च्या कायद्यानं, मग कुळकायद्यानं १ एप्रिल १९५७ ला कसणारा तो मालक असं झालं. पण त्यासाठी कसणारा माणूस तिथे हवा ना! आणि किमतीचे हप्ते भरायचे, ३२ ग चे, मगच ३२ म चा दाखला. आजोबा गिरणीतून हप्ता पाठवायचे आणि आजी नांगराला माणूस लावून, स्वतः लावणी करून, कुणगे पडीक न ठेवता जमीन राखायची. दाखला आला आजोबांच्या नावावर. आजीचं नाव सातबाऱ्यावर पहिल्यांदा आलं ते १९९६ नंतर, वारस म्हणून, फेरफारात नात्याच्या रकान्यात 'विधवा' असं लिहून. चाळीस-पंचेचाळीस वर्षं तिनं जी जमीन कसली तिच्यावर तिचं नाव यायला नवरा जावा लागला. आणि आत्यांची नावं इतर हक्कात, म्हणजे मालकांच्या रकान्यात नाहीतच. पाटीवर शिकवणाऱ्या आत्येचं नाव इतर हक्कात! या वेळी वारस नोंद करताना भाऊ स्वतःहून म्हणाला की हे दुरुस्त करायला अर्ज देऊया, मला बरं वाटलं त्याचं.

भाचीशी माझं एक भांडण झालं तेही लिहिते. ती म्हणाली त्यांनी पणजीला मुंबईला का नेलं नाही, आणि मोबाईलवर हिशोब मांडला. १९५२ ते १९८३, वर्षाला गणपतीचे आणि मे महिन्याचे मिळून पंचवीस दिवस धरले (तेवढी रजा मिळायचीच असं नाही, आणि बोटीच्या काळात तर देवगड बंदरात पडावातून उतरून घरी पोचेपर्यंत एक दिवस जायचा) तर एकतीस वर्षांत ७७५ दिवस. "आत्या, दोन वर्षं आणि पंचेचाळीस दिवस. याला संसार म्हणायचा?" आई आतून म्हणाली, तेव्हा सगळ्यांचंच तसं होतं गो. मी पण तेच म्हणणार होते, आणि थोडी चिडलेच होते की ही कालची पोर, हिला काय कळतं त्या काळातलं.

पण मग रात्री झोप लागेना. सगळ्यांचंच तसं होतं हे खरं आहे. वीस माणसांच्या खोलीत बायको कुठे ठेवणार, आणि बाई मुंबईला आली तर जमीन कोण कसणार, कुळकायदा झाल्यावर जमीन सोडून येणं म्हणजे पिढ्यांनंतर हाताला लागलेलं घालवणं. कारणं सगळी खरी. तरी 'सगळ्यांचंच तसं होतं' म्हटलं की विषय मिटतो, आणि आम्ही घरातले लोक तो विषय मिटवण्यासाठीच ते वाक्य वापरत आलो. सगळ्यांना सोसायला लागलं म्हणून एकेकीचं सोसणं थोडंच हलकं होतं. पोरीनं ७७५ हा आकडा काढला नसता तर मी कधीच तिकडे बघितलं नसतं. दुसऱ्या दिवशी तिला तसं सांगितलं.

हे लिहिण्याआधी आत्येला विचारलं. ती आधी नको म्हणाली, अंगठ्याचं कोणाला सांगू नको, तिला लाज वाटायची. दोन दिवसांनी तिचाच फोन आला, "लिव. पण पाटयेचा पण लिव."

आता शेवटचं. संपाचं. १८ जानेवारी १९८२ ला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, अडीच लाख माणसं बाहेर, आजोबा साचे खात्यात, म्हणजे मागावर, तेही बाहेर. आमच्या घरात याची पण एक ठरलेली गोष्ट आहे की संपातसुद्धा आजोबांनी घराला काही कमी पडू दिलं नाही, काका दर गणपतीला आरती झाली की हे सांगायचे, सांगताना त्यांचा आवाज भरून यायचा. डब्यात १९८२ ची फक्त दोन कुपनं आहेत, जानेवारी आणि फेब्रुवारी. नंतर काही नाही. आजोबा १९८३ च्या दिवाळीला ट्रंक न घेताच कायमचे घरी आले.

भाची डबा पुसून ठेवायला उलटा करत होती, तर तळाला बसवलेल्या वर्तमानपत्राच्या कागदाखाली तीन कागद. ती म्हणाली आत्या, या पोच आहेत, या इकडे कशा, या ट्रंकेत पाहिजेत ना. मी बघितलं. मार्च १९८२, ३० रुपये. जून, ५० रुपये. ऑगस्ट, २५ रुपये. पैसे घेणाऱ्याचा पत्ता लालबागचा. आणि सही आजोबांची.

पोच पाठवणाऱ्याकडे परत येते. म्हणजे पाठवणारी ती.

आम्ही आत्येला लगेच फोन केला. तिलाही माहीत नव्हतं. तिचं तोवर लग्न झालेलं, ती सासरी. जूनचे पन्नास काजूबियांचे असणार म्हणाली, बी एप्रिल-मे मध्ये विकली जाते. मार्चचे कशाचे कुणास ठाऊक. काकांना हे माहीत असतं तर, असं मनात येऊन गेलं, ते गेले त्याला चार महिने झाले होते.

पोच इथे आहेत म्हणजे कुपनं तिकडे ट्रंकेत हवीत. आजीच्या हातची. दोनदा सगळं उपसलं, शर्टांचे खिसे बघितले, ट्रंकेचं अस्तर काढून बघितलं. नाहीत. आजीच्या हातचं लिहिलेलं आमच्याकडे सह्यांशिवाय दुसरं काही नाही.

मी आत्येला म्हटलं, काय लिहिलं असेल गो तिनं त्यावर?

आत्या थोडा वेळ काही बोललीच नाही. मग म्हणाली, "काय लिवतली? सर्व खुशाल."